शुद्धलेखनाच्या चुका असलेलं खंडणीचं पत्र: मूकपटांतली इटालियन गुंडगिरी

भिंगरीवाला
मंडळी, दोन वर्षं इथे वाचनमात्र होतो, आज लिहायचा योग आला. पाय मुरगळल्यामुळे पंधरा दिवस घरी पडून होतो, डॉन, फॅमिली, ऑलिव्ह ऑईल वगैरेवाल्या पिक्चरची पारायणं करून झाली, मग डोक्यात किडा आला की आता उलटं जाऊ. म्हणजे याच्या आधी कुठला, त्याच्या आधी कुठला, असं करत मागे मागे. तर मागे जाता जाता जो आदळलो तो थेट १९०६ ला.

पिक्चरचं नाव 'द ब्लॅक हॅन्ड'. बायोग्राफ कंपनीचा, दिग्दर्शक वॉलेस मॅककचन, कॅमेऱ्यामागे बिली बिट्झर, जो पुढे डी. डब्ल्यू. ग्रिफिथ या दिग्दर्शकाचा उजवा हात झाला तोच. एकूण अकरा मिनिटं. म्हणजे कुकरच्या शिट्ट्या होईपर्यंत संपतो. इटालियन गुंडांवरचे जे पिक्चर आज बघायला मिळतात त्यातला हा सगळ्यात जुन्यांपैकी एक.

सुरुवातीलाच पाटी सांगते की न्यूयॉर्कच्या इटालियन वस्तीत नुकतीच घडलेली ही खरी गोष्ट आहे. मग एका कळकट खोलीत गुंड बसलेत, दारू चाललीय, आणि एक जण पत्र लिहितोय. पत्र आपल्याला पडद्यावर भलं मोठं दिसतं. मि. अँजेलो नावाच्या खाटकाला उद्देशून आहे, हजार डॉलर दे नाहीतर तुझ्या मारियाला उचलू आणि दुकान उडवून देऊ. खाली सही, काळा पंजा. आणि गंमत म्हणजे त्या इवल्याशा पत्रात स्पेलिंगच्या चुका! सावधान हा शब्दच चुकलाय, आम्ही हातघाईवर आलोय हेही चुकीचं लिहिलंय. मी हसलो आधी. मग वाटलं की थांब, हे हसण्यावारी न्यायचं प्रकरण नाही, कारण खरा काळा पंजा असाच होता.

म्हणजे आपल्या डोक्यात माफिया म्हटलं की काय येतं, अंधारी केबिन, मांडीवर मांजर, हळू आवाजात बोलणारा म्हातारा. इकडे १९०३ ते १९१५ च्या सुमारास न्यूयॉर्कात ज्याला 'ला मानो नेरा' म्हणत तो प्रकार म्हणजे चार टाळकी, एक शाईची दौत आणि एक टपालाचं तिकीट. पत्रावर कवटी, खंजीर, काळा हात असलं काहीतरी काढायचं आणि आपल्याच गल्लीतल्या, आपल्याच गावाकडून आलेल्या किराणावाल्याला, खाटकाला, छोट्या बँकवाल्याला पाठवायचं. पैसे नाही दिले तर दुकानात डायनामाईट, नाहीतर पोरगं गायब. कुणी एक बॉस नाही, एक संघटना नाही. नाव सगळ्यांचं एकच, कारण ते नाव फुकट होतं आणि पेपरवाल्यांनी त्याची जाहिरात आधीच करून ठेवली होती. जो उठेल तो काळा पंजा.

तर पिक्चर. खाटकाचं दुकान हे रंगवलेला सेट आहे, मांस टांगलेलं. पण मारियाला पळवतात तो शॉट खऱ्या रस्त्यावरचा! बर्फ पडलेलं, न्यूयॉर्कची सेव्हन्थ अ‍ॅव्हेन्यू, खरी माणसं जातायत येतायत आणि मधेच पोरीला गाडीत घालून नेतात. सेटवरच्या सीनमध्ये सगळे हातवारे करकरून अभिनय करतायत आणि या शॉटमध्ये एकदम काहीच नाटकी नाही, त्यामुळे अंगावर येतो तो. पुढे पोलीस खाटकाच्या बर्फपेटीत, म्हणजे मांस ठेवायच्या थंड कपाटात लपून बसतात, खंडणी घ्यायला आलेला इसम पैसे घेतो, पोलीस बाहेर, धरपकड, मग अड्ड्यावर छापा, मारिया परत. संपला.

माझं म्हणणं एवढंच आहे की इटालियन गुन्हेगारी जशी होती तशी दाखवण्याच्या बाबतीत ही पहिली अकरा मिनिटं नंतरच्या सगळ्या तीन तीन तासांच्या पिक्चरपेक्षा खरी आहेत. कारण ती कुठल्याही लेखकाच्या डोक्यातून आली नाहीत, पेपरमधल्या ताज्या बातमीतून आली. गुंड फाटके आहेत, बळी पडणाराही इटालियनच आहे, आणि गुंडांना शुद्धलेखन येत नाही. डॉन नंतर आला. डॉन हा सिनेमाचा माल आहे.

बोला आता.

चहाटळ
वाचनखूण साठवली. आणि शुद्धलेखनाच्या चुका काढून परत पाठवणारे पुणेकर त्या वस्तीत असते तर काळा पंजा १९०४ मध्येच बंद पडला असता. "आपले पत्र मिळाले. तिसऱ्या ओळीत वेलांटी चुकली आहे. दुरुस्त करून पाठवल्यास विचार करू. दुपारी १ ते ४ खंडणी दिली जाणार नाही."

कोकणकन्या७
चहाटळ =))

भिंगरीवाला मस्त लिहिलंय. एक शंका, हे पत्र पडद्यावर दाखवलं ते इंग्रजीत होतं ना, मग खाटीक आणि गुंड दोघं इटालियन असताना एकमेकांना इंग्रजीत पत्र कशाला लिहितील? म्हणजे स्पेलिंगच्या चुका ही पण सिनेमावाल्यांचीच आयडिया झाली की. खरी पत्रं इटालियनमध्ये असणार.

भिंगरीवाला
कोकणकन्या, पकडलंत. हे माझ्या लक्षातच आलं नाही. खरी पत्रं बहुतेक इटालियनमध्ये, तीही सिसिली-नेपल्सकडच्या बोलीत असायची, आणि म्हणूनच आयरिश पोलिसांना त्यातलं ओ की ठो कळायचं नाही. तेव्हा चुका दाखवणं हे अमेरिकन प्रेक्षकाला "बघा हे कसे अडाणी" असं सांगणंच झालं. माझ्या धाग्याचं शीर्षकच बोंबललं. असू दे आता.

सुलुमावशी
शीर्षकच कशाला, मला तर धाग्याचा सूरच जरा भाबडा वाटला भिंगरीवाला. रागावू नका. मी रिटायर झाल्यावर दोन वर्षं फक्त जुने मूकपट बघितलेत, त्यामुळे बोलते.

तुम्ही एक पिक्चर बघितला आणि म्हणालात की खरं दाखवायचे. त्याच बायोग्राफ कंपनीचे तीनच वर्षांनंतरचे बघा. १९०९ च्या जानेवारीत ग्रिफिथचा 'द कॉर्ड ऑफ लाइफ' आला. त्यात एक सिसिलियन माणूस नातेवाईकाकडे पैसे मागतो, तो देत नाही, तर हा त्याच्या तान्ह्या बाळाला टोपलीत घालून उंच खिडकीबाहेर दोरीने लटकवून ठेवतो, अशा बेताने की कुणी खिडकी उघडली की दोरी सुटलीच. लगेच पुढच्याच महिन्यात 'अ‍ॅट द आल्टर'. नकार मिळालेला इटालियन लग्नाच्या वेदीतच बंदूक अशी बसवून ठेवतो की नवरा-नवरी गुडघे टेकायला आले की गोळी सुटावी. आता सांगा, यात कुठली पेपरची बातमी आणि कुठलं खरं? इथे गुन्ह्याला कारण लागतच नाही. माणूस सिसिलीचा आहे हेच कारण. कंपनीच्या जाहिरातीच्या पत्रकांतसुद्धा सिसिलियन हा शब्द शिवीसारखा वापरलेला असायचा.

आणि हे हवेतून आलं नाही. १८९० मध्ये न्यू ऑर्लिन्सचा पोलीसप्रमुख डेव्हिड हेनेसी याचा खून झाला, इटालियन लोकांना धरलं, खटल्यात कुणावरही गुन्हा शाबीत झाला नाही, आणि १४ मार्च १८९१ ला जमावाने तुरुंग फोडून अकरा इटालियन मारले. माफिया हा शब्द अमेरिकेतल्या घराघरांत गेला तो या प्रकरणामुळे. त्यानंतर पंधरा वर्षांनी तो तुमचा खाटीकवाला पिक्चर येतो. प्रेक्षक काय कोरी पाटी घेऊन बसला होता का?

भिंगरीवाला
मावशी रागवायचं काय त्यात, तुम्ही तर धाग्याला धागा केलात. कॉर्ड ऑफ लाइफ आत्ता बघून आलो. बाप धावतोय, बाळ लटकतंय, बाई खिडकीकडे जातेय, परत बाप, परत बाळ... टाळ्याच वाजवल्या मी घरात एकट्याने. नंतर लाज वाटली.

पण तरी माझा मुद्दा पूर्ण सोडत नाही हां. १९०६ वाल्यात बळी इटालियन आहे, कष्टाचं दुकान चालवणारा, आणि त्याची बाजू घेतलीय. अर्धा तरी मुद्दा माझा.

सुलुमावशी
अर्धा दिला. पण टोपलीतलं बाळही इटालियनच आहे, हे विसरू नका. बळी इटालियन दाखवला म्हणजे माया दाखवली असं नसतं, कधीकधी "हे आपसात काय करायचं ते करोत" असंही असतं.

एडिसनकर
भारी धागा. मी गेली अठरा वर्षं न्यू जर्सीत, एडिसनमध्येच. इथे अर्धं गाव मराठी-गुजराथी आहे आणि थॉमस एडिसनच्या नावाचं गाव असून वडापाव कुठला चांगला यावरच चर्चा होते, सिनेमाचा विषय कुणी काढत नाही. पण सिनेमा खरंतर इथलाच. हॉलिवूडच्या आधी फोर्ट ली, हडसनच्या या काठावर, स्टुडिओच स्टुडिओ होते. माझा जुना क्लायंट तिकडे होता, मी आठवड्यातून दोनदा तिथून जायचो आणि मला पत्ता नव्हता.

तर फोर्ट लीवरून आठवलं, ग्रिफिथचा 'द मस्केटियर्स ऑफ पिग अ‍ॅली' कुणी काढला कसा नाही अजून? ३१ ऑक्टोबर १९१२ ला आला, सतरा-अठरा मिनिटांचा, लिलियन गिश आहे, आणि एल्मर बूथ नावाच्या नटाने स्नॅपर किड नावाचा गुंड केलाय. अहो काय केलाय! टोपी तिरकी, हात खिशात, एका डोळ्याने बघणं. एक शॉट आहे त्यात स्नॅपर आणि त्याची माणसं भिंतीला चिकटून हळूहळू कॅमेऱ्याकडे सरकत येतात, येतात, येतात आणि शेवटी स्नॅपरचा चेहरा अर्धा पडदा व्यापतो. १९१२ ला माणूस एवढा जवळ बघायची सवय नव्हती लोकांना. मी लॅपटॉपवर बघून मागे सरकलो.

आणि शेवट. पोलीस स्नॅपरला धरायला येतो, तर ज्या जोडप्याला त्यानेच आधी लुटलंय तेच खोटी साक्ष देऊन त्याला वाचवतं, कारण एका नाचाच्या कार्यक्रमात त्याने त्या मुलीला दुसऱ्या गुंडाने औषध घातलेली दारू पिण्यापासून वाचवलेलं असतं. मग दारातून नुसता एक हात आत येतो, हातात नोटा. माणूस दिसत नाही. पाटी काय, तर व्यवस्थेतले दुवे. संपला पिक्चर. हे बघून मला आपल्याकडचे सगळे पोलीस-गुंड पिक्चर आठवले.

भिंगरीवाला
एडिसनकर, पिक्चर एक नंबर आहे पण तो इटालियन नाही ना. स्नॅपर किड म्हणजे सरळसरळ आयरिश वळणाचा पोरगा आहे. आणि त्याच्या मागे बातमी होती ती वेगळीच, १९१२ च्या जुलैत हर्मन रोझेन्थल नावाच्या जुगारअड्डेवाल्याचा भर रस्त्यात खून झाला आणि पोलीस लेफ्टनंट चार्ल्स बेकरच त्यात अडकला. तो नोटांचा हात तिथून आलाय.

पण आता तुम्ही म्हणालात म्हणून डोक्यात आलं, बघा हं, आयरिश गुंड असला की तो ऐटबाज, दिलदार, पोरींना आवडणारा. इटालियन असला की बाळाला खिडकीतून लटकवणार. मावशींचाच मुद्दा शेवटी.

डेकवरचा_दामू
जहाजावर नेट मिळालं की मी फक्त इथे येतो, आणि आज योगायोगच म्हणायचा. मी क्रूझवर गॅलीत, म्हणजे जहाजाच्या स्वयंपाकघरात आहे, मूळचा गुहागरकडचा. आमचं जहाज पालेर्मोला लागतं. बंदरावरून चालत दहा-पंधरा मिनिटांवर पियाझ्झा मरीना म्हणून चौक आहे, तिथल्या बागेत एक अवाढव्य झाड आहे, फांद्यांवरून मुळं खाली सोडलेली, अगदी आपल्या वडासारखं, जातीनेही वडाचंच भावंड. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा गावच्या पाराची आठवण होऊन जरा बसलोच खाली. तिथेच एक पाटी आहे, जो पेट्रोसिनो याला इथे मारलं म्हणून. मला तेव्हा नाव माहीत नव्हतं, फोटो काढून ठेवला, नंतर शोधलं.

हा न्यूयॉर्क पोलिसातला लेफ्टनंट, जन्म इटलीतल्या पादुला गावचा, १८६० चा. शिंप्याचा मुलगा, लहानपणी अमेरिकेत गेला, बूटपॉलिश केलं, रस्ते झाडायच्या खात्यात काम केलं, १८८३ ला पोलिसात घेतला. काळ्या पंजाच्या मागे लागलेली खास इटालियन तुकडी यानेच उभी केली, कारण वर म्हटलंय तसं बाकी पोलिसांना भाषा येत नव्हती. १९०९ ला गुपचूप सिसिलीला आला, इथल्या गुन्हेगारांचे जुने रेकॉर्ड गोळा करायला, म्हणजे त्यांना अमेरिकेतून हाकलता येईल. गुपचूप कसलं, न्यूयॉर्कच्या पेपरात बातमी आधीच छापून आली होती! १२ मार्च १९०९ ला रात्री चौकात गोळ्या घातल्या. न्यूयॉर्कात अंत्ययात्रेला दोन लाखांच्या वर माणूस होता म्हणतात. खून कुणी केला ते कोर्टात कधीच सिद्ध झालं नाही. डॉन वितो काशो फेर्रो याच्यावर संशय होता, पण सुटला.

याच्यावर पिक्चर आला असेल ना तेव्हा?

सुलुमावशी
दामू किती छान लिहिलंत, त्या झाडाचा फोटो टाका ना इथे. हो, आला होता. १९१२ मध्ये 'द अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ लेफ्टनंट पेट्रोसिनो', दिग्दर्शक सिडनी गोल्डिन, जो पुढे यिडिश, म्हणजे ज्यूंच्या बोलीतल्या सिनेमात नावाजला. आणि त्याआधी १९०९ मध्येच केलेम कंपनीने इटालियन तुकडीतल्या डिटेक्टिव्हांवर एक छोटा पिक्चर काढला होता. म्हणजे पेट्रोसिनोचं रक्त सुकायच्या आत.

आणि भिंगरीवाला, इथे मात्र मी तुमच्या बाजूने बोलते. पेट्रोसिनोमुळे पहिल्यांदाच पडद्यावर इटालियन गुंडासमोर इटालियन पोलीस उभा राहिला.

कोकणकन्या७
पेट्रोसिनोचं नाव मी कारुसोच्या संदर्भात ऐकलंय, तो ऑपेरावाला एन्रिको कारुसो. त्यालाही काळ्या पंजाची पत्रं यायची ना?

भिंगरीवाला
यायची की. १९१० ला पंधरा हजार डॉलर मागितले होते, सापळा लावून पैसे न्यायला आलेल्यांना ब्रुकलिनमध्ये धरलं. तेव्हा पेट्रोसिनो जाऊन वर्ष झालं होतं.

कारुसोची सिनेमातली गंमत पण ऐका. १९१८ ला त्याला घेऊन 'माय कझिन' नावाचा पिक्चर काढला, आणि तोही डबल रोल. एक गरीब मूर्तिकार लिटल इटलीतला, म्हणजे न्यूयॉर्कच्या इटालियन वस्तीतला आणि एक जगप्रसिद्ध गायक. जगातला सगळ्यात महाग आवाज मूकपटात! पडला अर्थातच. पण त्यात लिटल इटली म्हणजे हॉटेलं, प्रेमप्रकरण, गडबड, हसणं. खंजीर नाही. बहुधा म्हणूनही पडला असेल, प्रेक्षकाला इटालियन म्हटल्यावर खंजीर लागत होता.

खवट_खानोलकर
एवढं सगळं इटलीचं पुराण कशाला? आपल्याकडे नव्वदच्या दशकात मुंबईत बिल्डरांना फोन यायचे ते काय कमी होतं? त्यावर लिहा. आणि आत्ताचं राजकारण बघितलं तर

(संपादक: पुढचा भाग उडवला आहे. धागा मूकपटांवर आहे, राजकारणासाठी वेगळा विभाग आहे. कृपया तिकडे.)

चहाटळ
खानोलकरांचा प्रतिसादही मूकपट झाला.

रश्मी_वाचते
मला एक विचारायचंय. हे पिक्चर बघायला थिएटरात कोण असायचं? म्हणजे इटालियन लोक स्वतः बसून हे बघत होते का? चिडत नव्हते?

एडिसनकर
रश्मी, तेच तर. पाच सेंटवाली थिएटरं, निकलओडियन म्हणत, १९०५ नंतर गल्लोगल्ली निघाली. दुकानाच्या गाळ्यात खुर्च्या टाकल्या की झालं थिएटर. आणि न्यूयॉर्कात ती सगळ्यात दाट कुठे, तर लोअर ईस्ट साइड आणि आसपास, जिथे ज्यू, इटालियन, सगळे बाहेरून आलेले कामगार राहायचे. भाषा यायची गरज नाही, दिवसभर खोदकाम करून आलेल्या माणसाला पाच सेंट परवडायचे. बड्या लोकांना ही थिएटरं म्हणजे घाणीची, बिघडवणारी जागा वाटायची, १९०८ च्या २४ डिसेंबरला, म्हणजे ऐन नाताळात, महापौर मॅक्लेलनने शहरातल्या साडेपाचशेच्या आसपास थिएटरांचे परवाने एका फटक्यात रद्द केले होते. मालक कोर्टात गेले आणि परत चालू झाली ती गोष्ट वेगळी.

तर कल्पना करा, मल्बरी स्ट्रीटचा खाटीक दुकान बंद करून पाच सेंट देऊन बसलाय आणि समोर त्याच्यासारखाच खाटीक, तसंच पत्र. त्याच्या खिशातही तसलंच पत्र असू शकतं.

रश्मी_वाचते
बाप रे. शेवटचं वाक्य.

सुलुमावशी
रश्मी, चिडत होते की, इटालियन वर्तमानपत्रं तक्रारी करायची. पण उत्तर म्हणून जे आलं तेही बघण्यासारखं आहे. १९१५ च्या जानेवारीत 'द इटालियन' आला. थॉमस इन्सने काढलेला, रेजिनल्ड बार्करने दिग्दर्शित केलेला, नायक जॉर्ज बेबन. पिक्चरचं आधीचं नाव इटालियन माणसाला द्यायची एक घाणेरडी शिवी होतं! बेबननेच आग्रह धरून बदलायला लावलं.

गोष्ट अशी की बेप्पो नावाचा व्हेनिसचा नावाडी न्यूयॉर्कला येतो, बूटपॉलिश करतो, लग्न करतो, बाळ होतं. उन्हाळ्यात बाळ आजारी, डॉक्टर सांगतो चांगलं निर्जंतुक दूध द्या. दूध आणायला निघालेल्या बेप्पोला रस्त्यात दोघं लुटतात. तो त्यांच्यावर तुटून पडतो तर पोलीस यालाच धरतात. वॉर्डातला पुढारी, ज्याच्यासाठी याने मतं गोळा केलेली, तो गाडीच्या पायरीला लोंबकळणाऱ्या बेप्पोला लाथेने ढकलतो. तुरुंगातून सुटून येतो तर बाळ गेलेलं. आणि मग कळतं की त्या पुढाऱ्याचीच मुलगी आजारी आहे, आणि डॉक्टरांनी सांगितलंय की जराही आवाज झाला तरी जिवाला धोका. बेप्पो सूड घ्यायला तिच्या खोलीत शिरतो. ती पोरगी झोपेत गालाखाली हात घेते, त्याचं बाळ घ्यायचं तसाच. आणि तो थांबतो.

मी हे तीनदा बघितलंय आणि तीनदा रडलेय. पण बघा, इटालियन माणूस चांगला आहे हे दाखवायलासुद्धा त्याला खून करायला पाठवावंच लागलं, उंबऱ्यापर्यंत का होईना. आणि बेबन स्वतः? बाप दाल्मेशियाचा, आई आयर्लंडची, जन्म सॅन फ्रान्सिस्कोचा. आणि बहुतेक इटालियनच केले त्याने. व्हेनिससुद्धा कॅलिफोर्नियातलं व्हेनिस, समुद्रकाठी त्या नावाची वसाहत आहे तिथे शूटिंग.

चहाटळ
आणि खरा इटालियन व्हॅलेंटिनो १९२१ ला हिट झाला तो अरबी शेख होऊन. म्हणजे इटालियन सोडून बाकी सगळे इटालियन, आणि इटालियन भलताच. फॅन्सी ड्रेस स्पर्धा नुसती.

रीळवेडा
उशिरा आलो, पण हा धागा माझ्याशिवाय संपू नये. तुम्ही सगळे हे पिक्चर घरबसल्या बघताय ते कशामुळे माहितीये का? कागदामुळे.

१९१२ पर्यंत अमेरिकेच्या कॉपीराइट कायद्यात चलच्चित्र असा प्रकारच नव्हता, छायाचित्र होतं. मग कंपन्यांनी डोकं चालवलं, आख्खा पिक्चर फ्रेम बाय फ्रेम कागदाच्या लांब पट्टीवर छापायचा आणि फोटो म्हणून लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये जमा करायचा. नंतर चटकन पेट घेणाऱ्या नायट्रेटच्या फिल्मा जळल्या, कुजल्या, चांदीसाठी वितळवल्या, आणि कागद राहिला. १९५० च्या दशकात त्या कागदांचे परत फोटो काढून सुमारे तीन हजार पिक्चर जिवंत केले. बायोग्राफवाले कागद जमा करण्यात नियमित होते म्हणून १९०६ चा तुमचा खाटीक दिसतो. १९१२ ला कायदा सुधारला आणि नुकसान झालं, कागद हळूहळू बंद. पेट्रोसिनोवाला आज बघता येत नाही. लायब्ररीच्या २०१३ च्या पाहणीत अमेरिकेतल्या जवळपास अकरा हजार मोठ्या मूकपटांपैकी १४ टक्केच मूळ स्वरूपात उरलेत असं निघालं. आपल्याकडे तर तेराशेच्या वर मूकपट झाले आणि उरले तीसेक, त्यातलेही कित्येक तुकड्यांत. पुण्याच्या फिल्म अर्काइव्हमध्ये त्यातलं एखादं रीळ चालू असताना मागच्या खुर्चीवर मी असतोच बहुतेक.

त्यामुळे भिंगरीवाला तुम्ही "आधी खरं दाखवलं आणि मग डॉन आला" असं जे म्हणता ते जपून. आपण फक्त उरलेलं बघतोय.

भिंगरीवाला
रीळवेडा, गप्प बसवलंत. मान्य. मी माझं वाक्य "उरलेल्यात" असं दुरुस्त करून वाचायला सांगतो सगळ्यांना.

डेकवरचा_दामू
नेपल्सला आलोय, म्हणून एक विचारतो. तिकडे अमेरिकन लोकांनी यांच्यावर काढले ते झालं, पण इटलीत स्वतःवर काढले नाहीत का यांनी? इथे कामोर्रा, म्हणजे नेपल्सची गुंडांची संघटना, हा घरचाच विषय.

सुलुमावशी
दामू, तुम्ही बरोबर गावातून विचारलंत. एल्विरा नोतारी. नाव लिहून घ्या. जन्म सालेर्नोचा, १८७५. इटलीतली पहिली स्त्री दिग्दर्शक. नेपल्समध्ये नवरा कॅमेऱ्यावर, मुलगा नट, अशी घरची कंपनी, डोरा फिल्म. साठेक मोठे पिक्चर काढले बाईने, आज त्यातले पूर्ण म्हणावेत असे तीनच राहिलेत. 'आ सान्तानोत्ते' आणि 'ए पिच्चेरेल्ला', दोन्ही १९२२ चे, मी बघितलेत. नेपल्सच्या खऱ्या गल्ल्या, खरी गर्दी, गाणं थिएटरात प्रत्यक्ष गायचे. त्यात गुआप्पो असतो, म्हणजे आपला गल्लीतला दादाच. मिशीला पीळ, खिशात सुरी, इज्जतीच्या गप्पा. पण तो परका राक्षस नाही हो. त्याला आई आहे, तो कुणाचा तरी मुलगा आहे, तो वाया गेला म्हणून शेजारीण डोळे पुसते. प्रेमातून, दारूतून, मत्सरातून सुरी निघते, सिसिलीत जन्मला म्हणून निघत नाही.

मुसोलिनीच्या सेन्सॉरला हे पिक्चर आवडायचे नाहीत, गरिबी, बोलीभाषा, सुऱ्या, देशाची बदनामी वगैरे. मग ते कुठे चालायचे? न्यूयॉर्कच्या लिटल इटलीत! तिकडे त्यांची शाखाच होती. म्हणजे रश्मीच्या प्रश्नाचं दुसरं अर्धं उत्तर हे. तोच खाटीक, बायोग्राफमध्ये स्वतःला अमेरिकन डोळ्यांनी बघायचा आणि काही वर्षांनी नोतारीच्या पिक्चरमध्ये स्वतःची गल्ली बघून रडायचा.

डेकवरचा_दामू
मावशी आज रात्री सुट्टी आहे, गावात जाऊन विचारतो कुणाला नोतारी माहीत आहे का.

एडिसनकर
आणि डॉनचं काय मग? तो केव्हा आला ते राहिलंच.

भिंगरीवाला
शिकागोहून आला. दारूबंदी १९२० ला लागली आणि पत्र लिहिणारी टाळकी मागे पडली, पैसा ट्रकने यायला लागला. १९२७ चा 'अंडरवर्ल्ड', दिग्दर्शक स्टर्नबर्गचा, गोष्ट बेन हेक्टची. हेक्ट शिकागोत बातमीदार होता, पहिल्याच ऑस्करमध्ये त्याला कथेचं बक्षीस मिळालं. पण त्यातला बुल वीड काही इटालियन नाही. इटालियन बॉस नीट येतो तो १९२८ च्या 'द रॅकेट'मध्ये, निर्माता हॉवर्ड ह्यूज, दिग्दर्शक लुईस माइलस्टोन. निक स्कार्सी नावाचा बॉस, लुई वोल्हाइमने केलेला. शिकागोचा गुंड अल कपोन याच्यावर बेतलाय हे शेंबड्या पोरालाही कळत होतं, शिकागोत तर बंदीच घातली त्यावर. खुर्ची, सूट, फोन, खिशात न्यायाधीश आणि नगरसेवक. पत्र लिहीत नाही हा. याला लिहायची गरजच नाही. हा पिक्चर पण कैक वर्षं गायब होता, ह्यूज गेल्यावर त्याच्या सामानात प्रिंट सापडली.

पुढे दोनच वर्षांत सगळं बोलायला लागलं, मग आपला विषय संपला.

रीळवेडा
स्कार्सीच्या भावाच्या वाढदिवसाची पार्टी बघा त्यात. नंतरच्या सगळ्या फॅमिली पार्ट्या तिथेच सुरू होतात असं मला वाटतं, पण त्यावर वेगळा धागा काढा, मी येतो.

डेकवरचा_दामू
तीन ठिकाणी विचारलं. दोन पोरांना नाव ठाऊक नव्हतं. एका म्हाताऱ्या बाईने, कॉफीच्या टपरीवर, नाव ऐकल्या ऐकल्या दोन ओळी गाऊन दाखवल्या आणि कॉफीचे पैसे घेतले नाहीत.

सुलुमावशी
अय्या!! कुठलं गाणं ते रेकॉर्ड का नाही केलंत हो दामू.

कोकणकन्या७
काल रविवारी घरच्या टीव्हीवर लावला 'द ब्लॅक हॅन्ड', आईला बसवलं शेजारी. खंडणीचं पत्र आलं, मारियाला पळवलं, आई शांत. पोलीस बर्फपेटीत शिरले तशी आई सरसावून बसली. पिक्चर संपल्यावर म्हणते, "ते सगळं ठीक गं, पण पोलीस आत उभे होते तेवढा वेळ ते मटण कुठे काढून ठेवलं होतं?"